पासपोर्ट ‘जप्त’ की ‘अटकावला’?

भाषांतर करताना अडलोय. मूळ मजकुरात सीझ आणि इम्पाउंड हे दोन शब्द वेगवेगळ्या ठिकाणी आलेत. मी दोन्हीकडे ‘जप्त’ लिहून मोकळा होणार होतो. चालेल का?

— अजिबात नाही! सुरेश नंदा विरुद्ध सीबीआय हा सर्वोच्च न्यायालयाचा २००८चा निकाल याच दोन शब्दांवर उभा आहे. तपासात पोलीस पासपोर्ट हाती घेऊ शकतात (तेव्हा फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम १०२, आता नागरिक सुरक्षा संहितेचं १०६). पण तो दाबून ठेवणं हे झालं इम्पाउंड, आणि तो अधिकार १९६७च्या पासपोर्ट कायद्याच्या कलम १०(३)खाली पासपोर्ट अधिकाऱ्याचा. तोही धारकाचं म्हणणं ऐकून. फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १०४खाली कोर्टालासुद्धा ते करता येत नाही, असं निकाल म्हणतो.

— इंग्रजीत ‘पाउंड’ म्हणजे आपला कोंडवाडा. १८७१चा गुरांच्या अतिक्रमणाचा कायदा बघा: पिकात शिरलेलं गुरू शेतकऱ्याने धरायचं, पण २४ तासांत कोंडवाड्यात पाठवायचं. धरणारा वेगळा, कोंडणारा वेगळा. गोठ्यात बांधून ठेवलंत तर तुम्हीच गुन्हेगार. पासपोर्टचंही तेच. म्हणून सीझला ‘ताब्यात घेतला’, इम्पाउंडला ‘अटकावून ठेवला’. ‘कोंडला’ लिहायचा मोह मलाही होतो, पण संपादक कोंडतील.

— एका बातमीत ‘पासपोर्ट सरकारजमा’ वाचलं. अहो, पासपोर्ट कायद्याच्या कलम १७प्रमाणे तो मुळातच केंद्र सरकारच्या मालकीचा! आपण नुसते बाळगणारे. ‘जप्त’ तरी मूळ अरबी ‘ज़ब्त’, म्हणजे आवरून धरणं. उर्दूत माणूस रागही ज़ब्त करतो, मराठीत मात्र फक्त बेलिफ आठवतो.

— तिसरा शब्द राहिला, ‘जमा’. जामिनाच्या अटीप्रमाणे आरोपी स्वतः नेऊन देतो तो पासपोर्ट जमा केलेला. तिथे ‘जप्त’ लिहिलं तर अर्थच फिरतो.

— आणि परत मिळतो तेव्हा?

— ‘सोडवला’ नको, गहाणाचा वास येतो. पोलिसांकडचा असेल तर कोर्टात अर्ज करून ‘परत मिळाला’. मुद्देमाल सुपूर्दनाम्यावर (मागाल तेव्हा हजर करीन, असं लिहून देऊन) मिळतो तसा. अटकावलेला असेल तर पासपोर्ट कायद्याच्या कलम ११खाली अपील. खटला चालू असताना नवा काढायचा तर केंद्र सरकारच्या १९९३च्या अधिसूचनेप्रमाणे कोर्टाची परवानगी लागते, आणि आदेशात कुठलीच मुदत नसेल तर पासपोर्ट एकाच वर्षाचा.

— ठरलं, ‘अटकावून ठेवला’. मथळ्यात बसलं नाही तर बघू.