वॉटर मार्बल नेल आर्ट घरी करायलेय, पण नेलपेंट पसरतच नाही. काय चुकतंय?

इंद्रधनू_सोलापूर

नमस्कार मंडळी, पहिलाच धागा आहे, चुकीच्या जागी पडला असेल तर हलवा प्लीज. तर झालंय असं की पुढच्या रविवारी मावसबहिणीची हळद आहे आणि मी उत्साहाच्या भरात सगळ्यांना सांगून बसलेय की नखं मी घरीच करणार. इथल्या एका पार्लरवाल्या ताईने एका नखाचे दीडशे सांगितले, म्हणजे दोन हातांचे किती ते तुम्हीच बघा, म्हणून म्हटलं यात एवढं काय आहे, वाटीत पाणी घ्यायचं, नेलपेंटचे थेंब एकात एक टाकायचे, टूथपिकने नक्षी ओढायची आणि बोट बुडवायचं. व्हिडिओत दोन मिनिटांत होतं.

माझं काल दुपारी दोन तास चाललं होतं आणि एक नख धड झालं नाही. पहिल्यांदा थेंब टाकला तो गोळा होऊन सरळ तळाला. दुसऱ्यांदा जरा पसरला पण टूथपिक लावल्याबरोबर दुधावरची साय उचलून यावी तसं सगळं काडीला गुंडाळून वर आलं. तिसऱ्यांदा नक्षी झाली एकदाची, बोट बुडवलं, तर नख सोडून दुसऱ्या पेरापर्यंत सगळीकडं रंग, आणि नखावर सुरकुत्या. आजी म्हणाली हळदीच्या आधीच रंगपंचमी का गं.

सामान सांगते. तीन नेलपेंट, त्यातली दोन माझ्या साखरपुड्याची, म्हणजे दोन वर्षांची, एक नवीन आहे त्यावर साठ सेकंदांत वाळते असं लिहिलंय. पाणी माठातलं. वाटी स्टीलची. पंखा फुल्लवर कारण इथं मे महिन्यात पंखा बंद करून कोण बसतंय, काल बेचाळीस होतं. काय चुकतंय सांगा ना कुणीतरी, आता माघार घेतली तर आयुष्यभर ऐकून घ्यावं लागेल.

चिंचगुळ

अगं बाई, तुझं सामानच वाचून हसू आलं, रागावू नको. जे जे करायचं नसतं ते सगळं तू एका दुपारी केलंयस :)

मी दहा-बारा वर्षांपूर्वी या प्रकारात पार बुडाले होते, त्यामुळे सविस्तर लिहिते. आधी हे समजून घे की नेलपेंट म्हणजे पाण्यात विरघळणारा रंग नाहीच. त्यात नायट्रोसेल्युलोज असतं, ते इथाइल अॅसिटेट, ब्यूटाइल अॅसिटेट असल्या पटकन उडून जाणाऱ्या द्रवात विरघळवलेलं असतं. तो द्रव उडाला की मागे पापुद्रा उरतो, तेच आपलं वाळलेलं नेलपेंट. पाण्यावर थेंब पडला की तो पृष्ठताणामुळे ताणला जाऊन पातळ पसरतो, आणि इतका पातळ थर वाळायला वेळ तो किती लागणार. म्हणजे पहिला थेंब पडला की घड्याळ सुरू. थेंब, नक्षी, बोट हे सगळं अर्ध्या-पाऊण मिनिटात उरकायचं, मध्ये फोन उचलायचा नाही आणि व्हिडिओ पॉज करून बघायचा नाही.

आता तुझ्या एकेका गोष्टीकडे येते. माठातलं पाणी गार, गार पाण्यावर नेलपेंट आखडतं, पसरत नाही. गरम केलंस तर भराभर वाळतं. घरातल्या हवेइतकंच हवं, तांब्याभर पाणी खोलीत दोन-तीन तास ठेवून दे, झालं. पंखा म्हणजे तर शत्रू, तुझी साय त्यानेच धरली. तेवढी पंधरा मिनिटं घाम गाळ, किंवा सकाळी सहाला बस. आणि ती साखरपुड्याची नेलपेंट भावनेपोटी जपून ठेव, पण यात वापरू नको, जुन्यातला द्रव आधीच निम्मा उडालेला असतो म्हणून थेंब जड होऊन गोळा पडतो. साठ सेकंदवालीसुद्धा नको, ती पटकन वाळण्यासाठीच बनवलेली असते ना. आपल्याला इथे नेमकं उलटं पाहिजे. साधी, नवीन, पातळ, क्रीम फिनिशची, चमकी नसलेली घे. दुकानातून आणलीस की आधी प्रत्येक बाटलीचा एक थेंब पाण्यावर टाकून बघ, पसरून रुपयाच्या नाण्याहून मोठा झाला तर ती पास. बाटली खालवर हलवू नको, दोन तळव्यांमध्ये रवीसारखी घुसळ, नाहीतर हवेचे बुडबुडे येतात.

थेंब किती उंचीवरून टाकत होतीस? ब्रश पाण्याला जवळजवळ टेकवायचा, थेंब नुसता सोडायचा. उंचावरून पडला की पाण्याचा पृष्ठभाग फोडून आत जातो, तोच तुझा तळाला गेलेला गोळा.

आणि नक्षी ओढताना सगळ्यात बाहेरच्या कड्याला हात लावायचा नाही! ते सगळ्यात आधी पडलेलं, म्हणून आधी वाळलेलं आणि भांड्याच्या कडेला चिकटलेलं असतं. आतल्या दुसऱ्या-तिसऱ्या कड्यापासून सुरुवात, टूथपिकचं फक्त टोक, पाण्यात खुपसायचं नाही, नुसतं ओरखडायचं. प्रत्येक रेघेनंतर टोक कागदाला पुसायचं. मधून बाहेर आठ रेघा ओढल्या की फूल होतं, एकीआड एक आत-बाहेर ओढल्या की रांगोळीत करतो तशी पाकळी येते. तुला रांगोळी येत असेल तर हात आपोआप बसेल.

इंद्रधनू_सोलापूर

चिंचगुळ ताई, तुम्ही तर माझ्या घरात कॅमेरा लावल्यासारखं सांगितलंत. थेंब मी चांगला वीतभर वरून टाकत होते, मला वाटलं जोरात पडला की जास्त पसरेल :( आज नवीन दोन आणते. सुरकुत्यांचं काय पण? आणि बोटं एवढी रंगतात त्याचं?

काकडीची_कोशिंबीर

वरच्या सगळ्याला +१, फक्त पाण्याचं मला वेगळं वाटतं. बऱ्याच जणी आरओचंच घ्या म्हणतात कारण जड पाण्यात नेलपेंट नीट पसरत नाही. मी पिंपरीला असताना टँकरच्या पाण्यावर केलंय आणि आता कॉर्पोरेशनच्या पाण्यावर करते, मला काडीचा फरक दिसला नाही. पण तुमचं बोअर असेल आणि बादलीला पांढरे डाग धरत असतील तर एक वाटी फिल्टरचं घेऊन बघायला काय जातंय.

सुरकुत्या म्हणजे बोट बाहेर काढताना झालेला घोळ. नख आत घालताना हात पालथा, नख पाण्याला समांतर, जी नक्षी आवडली तिच्यावर नेमकं ठेवून खाली दाबायचं. मग बोट आतच ठेवायचं!! वर पाण्यावर जो उरलेला पापुद्रा तरंगतोय तो दुसऱ्या टूथपिकने किंवा इअरबडने गोल फिरवून गोळा करून घ्यायचा, पाणी वरून स्वच्छ दिसलं की मगच बोट बाहेर. नाहीतर वर येताना तो उरलेला पापुद्रा पुन्हा नखावर बसतो, थरावर थर, त्याच सुरकुत्या.

नखाला आधी पांढरा बेस लावलास का? लाव, त्याशिवाय रंग मळकट दिसतात, कारण पाण्यावर पसरलेला थर फारच पातळ असतो. पण तो बेस पूर्ण वाळलेला हवा, वरून कोरडा नव्हे, खरंच वाळलेला. मी तर रात्री पांढरं लावून झोपते आणि सकाळी मार्बल करते.

बोटांसाठी सेलोटेपचे तुकडे नखाच्या तिन्ही बाजूंनी, वेळखाऊ आहे पण भरवशाचं. काहीजणी कातडीला फेविकॉल लावून वाळवतात, नंतर सोलून निघतो आणि त्याच्याबरोबर रंग पण. ते छान चालतं पण फेविकॉल शेवटी पाण्यात मऊ पडतो, तू बोट आत ठेवून गप्पा मारत बसलीस तर पांढरा बुळबुळीत होऊन सुटेल. व्हॅसलीन लावत असशील तर नखावर कण सुद्धा लागू देऊ नको, तिथे मार्बल धरणारच नाही. बाजारात कातडीला लावायला गुलाबी लेटेक्स (पातळ रबर) मिळतं तेही बरं असतं, पण रबराच्या ग्लोव्हजने खाज सुटते अशा कुणाला लावू नको.

सावळा_गोंधळ

इथे पुरुषांनी बोललं तर चालेल ना. बायकोने हा धागा दाखवला आणि मला एकदम शाळेतला कार्यानुभवाचा तास आठवला. घमेल्यात पाणी, ऑइल पेंट रॉकेलमध्ये पातळ करून वर शिंपडायचा, काडीने फिरवायचा आणि कागद टेकवून उचलायचा. झाला मार्बल पेपर. वर्षभर सगळ्या वह्यांना तीच कव्हरं आणि सगळ्या वर्गाला रॉकेलचा वास. तुमचं हे म्हणजे तेच, कागदाच्या जागी नख.

अवांतर होतंय पण इंद्रधनू सोलापूरच्या आहेत म्हणून सांगतो, तुमच्यापासून शंभरेक किलोमीटरवर विजापूरला सतराव्या शतकात आदिलशाहीच्या काळात याच युक्तीने चित्रं काढायचे. नुसता नक्षीचा कागद नाही, घोड्याच्या किंवा माणसाच्या आकारातच मार्बल भरलेला असायचा आणि बाकीचा कागद कोरा. तसा एक हाडं निघालेला घोडा आणि त्यावरचा स्वार न्यूयॉर्कच्या मेट्रोपोलिटन म्युझियममध्ये आहे. फारसीत या कागदाला अब्री म्हणतात, अब्र म्हणजे ढग. तुर्कस्तानात त्याचंच एब्रू झालं, ते लोक पाण्यात डिंक घालून ते दाट करतात म्हणून त्यांना नक्षी ओढायला निवांत वेळ मिळतो. २०१४ साली युनेस्कोच्या यादीत गेलं त्यांचं एब्रू. तुमच्या वाटीत डिंक घालायला सांगत नाहीये हां, कृपया कुणी करू नका, गंमत म्हणून घ्या.

चिंचगुळ

सावळा गोंधळ, अवांतर असलं तरी झकास. घोडा शोधून बघितला, बिचाऱ्याच्या बरगड्या मोजता येतात आणि त्या बरगड्यांमधूनच रंग वाहतोय.

रोखठोक_मावशी

सगळं खरं असलं तरी मी स्पष्टच सांगते, दहाच्या दहा नखं करायच्या भानगडीत पडू नकोस. प्रत्येक बोटाला नवीन थेंब, नवीन नक्षी, अर्धी बाटली वाटीत जाते. आणि तू उजव्या हाताने काम करणारी असशील तर डावा हात सुरेख होईल आणि उजव्याची वेळ आली की नक्षी डाव्या हाताने ओढावी लागेल, तिथे रडकुंडीला येशील. माझ्या पुतणीने असंच केलं, शेवटी रात्री दीड वाजता सगळं पुसून साधा लाल लावला. दोन्ही हातांची फक्त अनामिका मार्बल कर, बाकीच्या आठांना त्याच नक्षीतला एक रंग. दिसतं पण जास्त छान.

दुसरं, हळद आहे म्हणालीस. पांढऱ्या बेसवर हळद लागली की पिवळी झाक बसते, तेव्हा वरून टॉप कोट दोन हात मार आणि मुळात रंगच पिवळा-नारिंगी-मरून असे घे, म्हणजे डाग पडला तरी कुणाला कळणार नाही.

निवडुंग

पाणी नकोच असेल तर अजून एक रस्ता आहे. दुधाची रिकामी पिशवी धुऊन कापून सपाट पसरायची, तिच्यावर आधी पारदर्शक नेलपेंटचा जाड थर, तो वाळला की वर दोन-तीन रंगांचे थेंब टाकून टूथपिकने फिरवायचे. इथे वाळायची घाई नसते त्यामुळे शांतपणे करता येतं. रात्रभर ठेवलं की अख्खा पापुद्रा पिशवीवरून सुटतो, नखाच्या मापाने कापायचा, नखाला पारदर्शक कोट लावून तो जरा चिकट असतानाच हा स्टिकर बसवायचा, कडा अॅसिटोनवाल्या नेलपेंट रिमूव्हरच्या ब्रशने साफ करायच्या. आठवडाभर आधी करून ठेवता येतात. मी माझ्या नणंदेच्या वेळी अशा बावीस काढल्या होत्या, निम्म्या पाहुण्यांनी वाटून घेतल्या. पाण्यातल्या इतकी बारीक रेघ येत नाही हे मान्य, जरा जाडसर दिसतं.

पाण्याचंच करायचं असेल तर एक गंमत: पाण्यावर एकच रंग पसरला की त्यावर लांबून सॅनिटायझर किंवा डिओचा एक फवारा मार. रंगाला भोकं पडून जाळी तयार होते. काडीच लागत नाही, आणि डावा-उजवा हात सारखाच येतो.

काकडीची_कोशिंबीर

निवडुंग, जाळीवालं भन्नाट आहे, उद्याच करते. पण फवारा मारताना जवळ देवघरातला दिवा किंवा उदबत्ती नको हां, डिओ आणि अॅसिटोन दोन्ही पेट घेतात. स्वयंपाकाच्या ओट्यावर तर अजिबात बसू नका. इंद्रधनू, स्टीलची वाटी पण बदल, तळ चकाकतो त्यात नक्षी धड दिसत नाही. श्रीखंडाचा छोटा डबा बेस्ट, पांढरा असतो, काठोकाठ भर म्हणजे बोट आडवं घालता येतं. थर्मोकोलचा कप मात्र नको, कडा पुसायला अॅसिटोन लावलंस की विरघळून बसेल. झाल्यावर पाणी ओतण्याआधी वरचा पापुद्रा काडीने गुंडाळून कचऱ्यात टाक, बेसिनच्या जाळीला चिकटला की निघत नाही.

इंद्रधनू_सोलापूर

अपडेट!! पहाटे साडेपाचला उठून, पंखा बंद, श्रीखंडाचा डबा, साधं पाणी, दोन नवीन नेलपेंट. पहिला थेंब पडला आणि असा सुर्रकन पसरला की मी एकटीच ओरडले. मावशींचं ऐकून दोन्ही अनामिका झाल्या, मरून आणि पांढरं, पिवळ्याची हौस पायाच्या नखांवर भागवली. पायाचा अंगठा डब्यात घालताना कोण बघेल म्हणून दार लावून घेतलं. फेविकॉल लावला होता, एका बोटाचा खरंच सुटला, कोशिंबीर ताई तुम्ही बरोबर होता.

एकच शंका. उजव्या नखावर बारीक बारीक पाण्याचे थेंब राहिलेत, काल तसेच टिपले तर तिथे नक्षीला टिकल्यांसारखी भोकं पडली. टिपायचे नाहीत का?

चिंचगुळ

टिपू नको, पुसू नको, फुंकू पण नको. हात नुसता झटक आणि पाच-दहा मिनिटं आपोआप उडू दे, मग टॉप कोट, तोही ब्रश नखावर न दाबता, भरपूर घेऊन नुसता तरंगवायचा. आणि आता सगळ्यात महत्त्वाचं, फोटो कुठाय?

इंद्रधनू_सोलापूर

टाकते टाकते, पण फोन उचलायला हात मोकळा नाही, दहाही बोटं वाळत घातलीत. हे मी आजीकडून टाइप करून घेतेय. (मी आजी. आता माझीही करायची म्हणते आहे. मी नाही म्हटलं नाही.)