समुद्रमंथनाचा तह नेमका कुणी मोडला?

माळरान:
परवा एकांनी इथे लिहिलं, "अमृताचा कलश असुरांनी हिसकावला, तिथेच तह मोडला. विष्णूने मोहिनी होऊन अमृत देवांनाच वाटलं ते योग्यच." खाली सगळ्यांच्या माना डोलल्या. मला राहवलं नाही म्हणून सविस्तर लिहितोय.

भागवताचा आठवा स्कंध काढून बसा. देव हरून, निस्तेज होऊन विष्णूकडे गेले. सल्ला काय मिळाला? कार्य मोठं असेल तर शत्रूशीही तह करावा, सापाने उंदराशी करावा तसा. असुर म्हणतील त्याला हो म्हणा. आणि त्याच सल्ल्यात: कष्ट दैत्यांच्या वाट्याला येतील, फळ तुम्हाला मिळेल. हे सगळं असुरांचा राजा बळी याच्या दारात पाऊल टाकण्याआधी! कलश वर यायची वाटच बघावी लागली नाही, तह करायला निघतानाच तो मोडलेला होता.

आणि बळी? देव शस्त्रं न घेता आलेले पाहून त्याचे सेनापती खवळले, त्यांना त्यानेच आवरलं. तह कधी करावा आणि लढावं कधी हे त्याला कळत होतं, असं भागवतच म्हणतं. इंद्राचं त्याने ऐकून घेतलं आणि विश्वास ठेवला. एवढाच त्याचा गुन्हा.

गोदाकाठ:
अर्धंच सांगताय. मंथनाची दोरी झालेल्या वासुकी नागाच्या तोंडाची बाजू देवांनी आधी धरली होती. असुरच अडून बसले, की आम्ही शिकलेले, कुळवंत, शेपूट अमंगळ, ती आम्ही धरणार नाही. हट्टाने तोंड घेतलं आणि मग त्याच्या फूत्कारांनी होरपळले, त्याला देवांनी काय करावं? धन्वंतरी कलश घेऊन आला तेव्हा वाटणीचं बोलणंही न होता झडप कुणी घातली? मनात काय होतं त्यावर तह मोडत नसतो, हातून काय घडलं त्यावर मोडतो.

माझं माहेर नेवाशाजवळ. मोहिनीराजाच्या देवळात लहानपणापासून जाते. अमृत तिथेच वाटलं गेलं अशी आमची श्रद्धा आहे. त्या मूर्तीपुढे उभं राहून 'फसवणूक' म्हणायला माझी जीभ रेटणार नाही.

माळरान:
तुमच्या श्रद्धेला मी हात लावत नाही. पण झडपेनंतरचं वाचा ना! असुरांमधलेच दुबळे म्हणाले की देवांनी सारखेच कष्ट केलेत, त्यांचा वाटा त्यांना मिळाला पाहिजे. मग मोहिनी म्हणाली, मी बरं करीन, वाईट करीन, मान्य असेल तरच वाटते. असुर हो म्हणाले. उपास केला, आंघोळी केल्या, दर्भावर ओळीने बसले. समोरच्या पंगतीत अमृत संपत चाललेलं दिसत होतं, तरी दिलेल्या शब्दाला जागून गप्प राहिले. ज्यांना तुम्ही तह मोडणारे म्हणता, शेवटपर्यंत शब्द त्यांनीच पाळला.

गोदाकाठ:
ते दुबळे मत्सरापोटी बोलले हे तिथेच लिहिलंय, ते का गाळलंत? आणि गप्प बसले ते मोहिनीवर भाळूनही. शब्द पाळला हे एक कारण होतं, तेवढं मी मान्य करते. त्याहून जास्त नाही.

विहिरीवरचा:
तुम्ही दोघं देव-असुर करत बसा. वासुकीचं काय? दोरी व्हायला त्याला बोलावलं तेव्हा फळात वाटा देऊ असं दोन्ही बाजूंनी कबूल केलं होतं. अख्खं मंथन त्याच्या अंगावर झालं. वाटपाच्या वेळी त्याचं नाव कुणी काढलं?

आमच्या गावाची जमीन धरणात गेली. कालव्याचं पाणी देऊ म्हणाले होते. कालवा झाला, पाणी खालच्या बागायतीला. पुढे त्याच पाण्यावरून दोन तालुक्यांचे पुढारी भांडले, मग त्यांचा समझोता झाला, पेपरात फोटो आले. ज्यांच्या शिवारात धरण उभं राहिलं त्यांना त्या बैठकीला कुणी बोलावलंही नाही.

जुनी पोथी:
विषय भरकटतोय. वासुकी शंकराच्या गळ्यात आहे, त्याला काय कमी?

विहिरीवरचा:
'काय कमी' हेच मला कचेरीत ऐकवलं होतं. पुनर्वसनात घर मिळालं ना, म्हणे. मिळालं. पण कबूल केलं होतं पाणी! माझे वडील त्या पाण्याची वाट बघत गेले. तुम्हाला हे भरकटणं वाटत असेल तर पोथी मिटून ठेवा.

जुनी पोथी:
अंगावर येऊ नका. धरणाचं दुःख खरं आहे, पण त्याचा राग पुराणावर काढू नका.

माळरान:
काढू द्या. ही कथा अजून जिवंत आहे ती अशा रागामुळेच. तह करणारा बळी तोच, ज्याचं राज्य येवो म्हणून पाडव्याला आपल्या घराघरांत ओवाळतात. जोतीराव फुल्यांनी 1873 साली 'गुलामगिरी'त त्याच बळीला रयतेचा राजा म्हटलं. आणि मालिकावाले त्याच्या माणसांना शिंगं लावून नाचवतात, याची मला चीड येते.

गोदाकाठ:
शिंगांची चीड मलाही येते. बळीला मीही ओवाळते, ते कुणी शिकवायला नको. पण मंथनातून निघालेला उच्चैःश्रवा घोडा बळीला मिळाला, वारुणी, म्हणजे मद्याची देवी, असुरांनी घेतली, इंद्राने हरकत घेतली नाही. वाटणी होत होती, हे तरी कबूल करा.

माळरान:
घोडा मिळाला, कबूल. पण इंद्र गप्प का होता? वर येईल त्याचा लोभ धरू नका, हे विष्णूने आधीच बजावलं होतं. सगळा डोळा अमृतावर होता.

गोदाकाठ:
देवांना फळ मिळालं ते ते शरण गेले म्हणून, असं भागवताचं स्वतःचं उत्तर आहे. तुम्हाला ते पटणार नाही, मला पटतं. वासुकीबद्दल मात्र माझ्याकडे उत्तर नाही. वाटपाच्या अध्यायात त्याचा वाटा कुठेच नाही.

विहिरीवरचा:
मग आधी तेवढं लिहा की त्याला वचन दोघांनी दिलं आणि दोघांनी मोडलं. कलश कुणी हिसकावला ते त्यानंतर बघू.