न्यूयॉर्कची पिंपातली काकडी: धंदा कसा चालायचा, आणि पुण्यात जमेल का?

कोथरूडकर: न्यूयॉर्कच्या लोअर ईस्ट साइडमध्ये ज्यू स्थलांतरित हातगाडीवर पिंपातली आंबवलेली काकडी विकायचे. हा धंदा तिथेच का फोफावला? तेलाशिवाय ते लोणचं टिकायचं कसं? इथे करून बघायचंय.

खारवलेला: भांडवल कमी, हे पहिलं कारण. पिंप, मीठ, लसूण, शेपू आणि हंगामातली स्वस्त काकडी, झालं. १८८१ नंतर रशिया-पोलंडकडून आलेल्यांना ब्रेड-बटाट्याबरोबर ही काकडी लागायचीच, त्यामुळे गिऱ्हाईक दारातच. शिवाय माल पडून राहिला तरी लगेच वाया जात नाही, नुसता आंबट होत जातो. काही दिवसांची हिरवी, करकरीत ती 'हाफ सावर'. महिना-दीड महिना मुरलेली ती 'फुल सावर'. एकाच काकडीचे दोन माल! आहारसुधारकांना हे आंबट-तिखट खाणं मुलांना घातक वाटायचं. (शाळेबाहेरच्या चिंचा-बोरांवर आपल्याकडे होतो तोच आरडाओरडा.)

१९२४ च्या अमेरिकी स्थलांतर कायद्याने नवे येणारे खूपच रोडावले. १९३० च्या दशकात महापौर ला गार्डिया यांनी हातगाड्या हटवायला घेतल्या आणि १९४० मध्ये एसेक्स स्ट्रीट मार्केट ही छपराखालची मंडई उघडली. पिंपं मग दुकानांत गेली.

बरणीवाली: टिकतं ते मिठामुळे आणि आंबताना तयार होणाऱ्या लॅक्टिक आम्लामुळे. लिटरभर पाण्याला हाफ सावरसाठी ३५ ग्रॅम खडेमीठ, फुल सावरसाठी ५०. पाणी उकळून पूर्ण गार करा. मंडईतून बोटभर लांबीच्या, ताज्या तोडीच्या काकड्या आणा. शिळ्या आतून पोकळ निघतात. फुलाकडचं टोक थोडं कापाच, तिथल्या एन्झाइममुळे काकडी लिबलिबीत होते. सोबत ठेचलेला लसूण, धणे, मोहरी आणि फुलोऱ्यावर आलेला शेपू. फवारणी न केलेलं द्राक्षाचं पान मिळालं तर तेही घाला, त्यातल्या टॅनिनने करकरीतपणा राहतो. काकड्या पाण्याखाली बुडालेल्या हव्यात, वर बशी आणि वजन. झाकण घट्ट लावू नका, गॅस धरतो.

@कोथरूडकर, व्हिनेगर घालायचा मोह आवरा. ते वेगळंच लोणचं.

खारवलेला: एक राहिलं. १८ ते २२ अंशांना उत्तम जमतं, म्हणजे पुण्यात डिसेंबर-जानेवारी. हाफ सावर चौथ्या दिवसापासून चाखा, जमली की फ्रिजमध्ये. एप्रिल-मेमध्ये बाहेर ठेवली तर मुरण्याआधी मऊ पडते. पाणी गढूळ झालं तर घाबरू नका. वर पांढरी पातळ साय आली तर ती यीस्टची, काढून टाका. केसाळ, रंगीत बुरशी किंवा बुळबुळीत काकडी दिसली तर सगळी बरणी ओतून द्या.