कपाशीवर मावा अन सोबत काळे किडे, फवारू का?

वऱ्हाडी_गडी: राम राम मंडळी. यवतमाळ साइडला 3 एकर कोरडवाहू कपाशी आहे, 40 दिवसांची झाली. शेंड्याच्या पानाखाली मावा (रस शोषणारी बारीक कीड) दिसून राहिला अन त्यातच काळे, अंगावर नारिंगी ठिपके असलेले, बारक्या मगरीसारखे किडे फिरतायत. दुकानवाला म्हणे दोन औषधं मिक्स करून मारा. काय करू?

बांधावरचा: अरे थांब थांब!! ती ढालकिड्याची (लेडीबर्डची) अळी आहे, मावाच खाते ती. मीपण पहिल्या वर्षी हीच मारून बसलो अन थोड्याच दिवसात मावा डबल, कारण मावा नराशिवायच पिल्लं घालतो, आठवडाभरात नवी पिढी तयार, ढालकिड्याला तीन-चार आठवडे लागतात, मग रेस कोण जिंकणार सांग. पानाखाली केसासारख्या दांडीवर बारीक अंडी दिसली तर ती क्रायसोपाची, म्हणजे मावा खाणाऱ्या दुसऱ्या किड्याची, तीपण आपलीच माणसं.

काळीमाती: बरोबर. माव्यामुळं पानं चिकट व्हायला लागली तर 5 टक्के निंबोळी अर्क मार, तोही संध्याकाळी. पुढच्या वर्षी कडेनं चवळी लाव, तिच्यावर मावा येतो अन मित्रकिडे तिथंच वाढतात. वरून शेंगाची भाजी फुकट 😄

वऱ्हाडी_गडी: बरं, थांबतो मग. बोंडअळीलापण हेच चालते का?

बांधावरचा: नाही बा. गुलाबी अळी बोंडात घुसून बसते, तिथं ढालकिडा काय करणार. एकरी 2 कामगंध सापळे (मादीच्या वासानं नर पतंग पकडणारे) लाव, सलग 3 रात्री सापळ्यामागं रोज 8 पतंग आले की मग फवारणीचं बघ. अन फरदड (वेचणी संपल्यावर तेच पीक पुढं ठेवणं) घेऊ नको, डिसेंबरात रान मोकळं कर.