प्रतिसाद: स्वायत्ततेनंतरची खरी कसोटी
स्वायत्तता म्हणजे ब्रिटिश मिशनऱ्यांच्या खुर्चीत स्थानिक माणसे बसणे, हे वरच्या प्रतिसादातले मत नायजेरियाच्या मेथडिस्ट चर्चबाबत (मेथडिस्ट हा प्रोटेस्टंट ख्रिस्ती पंथ) मला पटत नाही. १९६२ साली ब्रिटिश मेथडिस्ट चर्चपासून स्वायत्त झालेल्या या चर्चने १९७६ मध्ये नवी घटना स्वीकारून अध्यक्षपदाऐवजी पॅट्रिआर्क (सर्वोच्च धर्मगुरू), त्याखाली आर्चबिशप आणि बिशप अशी उतरंड उभी केली व चर्चचे तेव्हाचे प्रमुख बोलाजी इडोवू पहिले पॅट्रिआर्क झाले. मात्र मेथडिस्ट परंपरेत सर्वोच्च अधिकार एका व्यक्तीकडे नसून पाळक आणि सामान्य सभासद एकत्र बसतात त्या कॉन्फरन्सकडे, म्हणजे चर्चच्या प्रातिनिधिक सभेकडे, असल्याने अनेकांना हा बदल मान्य झाला नाही आणि चर्च दुभंगले. समेट व्हायला १९९० उजाडले. त्यानंतर प्रमुखाला पॅट्रिआर्कऐवजी ‘प्रिलेट’ (वरिष्ठ धर्माधिकारी) म्हणू लागले, बिशपपद मात्र कायम राहिले. ही तडजोड बाहेरून लादलेली नव्हती, हे मला फार मोलाचे वाटते.