शब्दचर्चा : ‘ऑथरिंग टूल’, ‘एक्स्पोर्ट’, ‘टिप’… ई-पाठ बनवताना मराठीत काय म्हणायचं?

पाटीपेन्सिल :
एक्सइलर्निंग आणि एचफाइव्हपी ही सॉफ्टवेअर वापरून ई-पाठ कसे बनवायचे, याची शिक्षकांसाठी मराठी मार्गदर्शिका तयार होते आहे. अडलेले शब्द असे : ऑथरिंग टूल, ओपन सोर्स, इंटरॅक्टिव्ह, एक्स्पोर्ट, फीडबॅक, टिप, आणि कम्प्लीटेड-पास्ड ही जोडी. शासकीय परिभाषेसारखे जड शब्द नकोत, पण वाचणाऱ्याला नेमकं काय करायचं ते कळलं पाहिजे.

मुद्रितशोधक :
ऑथरिंग टूलला ‘लेखनसाधन’ म्हटलंत तर लोक वर्ड समजतील. या सॉफ्टवेअरमध्ये लिहिण्यापेक्षा मांडणं जास्त, म्हणून ‘पाठरचना साधन’. एक्सइलर्निंगमध्ये डाव्या बाजूला पानांची उतरंड असते आणि प्रत्येक पानावर ‘आयडिव्हाइस’ ठेवत जायचे : मजकूर, बहुपर्यायी प्रश्न, रिकाम्या जागा वगैरे. या आयडिव्हाइसला ‘घटक’ म्हणायचा मोह होईल, तो टाळा. शिक्षकाच्या डोक्यात घटक म्हणजे घटक चाचणीतला घटक. ‘ठोकळा’ चालेल.

ओपन सोर्सला ‘मुक्तस्रोत’ रुळलेला आहे. त्याऐवजी ‘मोफत’ मात्र लिहू नका, अर्थ बदलतो. एक्सइलर्निंग न्यूझीलंडमध्ये सुरू झालं, पुढे स्पेनमध्ये सरकारी पाठबळावर वाढलं, आणि ते मुक्त परवान्याखालीच आहे. नॉर्वेतल्या एचफाइव्हपीचं मूळ सॉफ्टवेअरही मुक्त, पण त्याच नावाची होस्टिंग (पाठ ऑनलाइन ठेवायची) सेवा पैसे घेते. ‘एचफाइव्हपी मोफत आहे’ एवढंच वाचलेला माणूस तिथे चाचणी खातं उघडतो आणि मुदत संपली की अडकतो. म्हणून वाट स्पष्ट लिहा : मूडल (ऑनलाइन वर्ग चालवायचं सॉफ्टवेअर) असेल तर त्याच्या 3.9 आवृत्तीपासून एचफाइव्हपी आतच आहे, वर्डप्रेसवर बनवलेल्या वेबसाइटला प्लगिन आहे, आणि नुसत्या लॅपटॉपवर काम करायचं तर एचफाइव्हपीच्या फाईल बनवणारं लुमी हे ॲप.

कृतिपत्रिका :
‘इंटरॅक्टिव्ह’ला परस्परसंवादी, आंतरक्रियात्मक, संवादी असे तिन्ही सापडतात. मी ‘संवादी’ घेईन, पण एका अटीवर. ‘पुढे’ बटण असलेल्या स्लाइडशोला कोणीही संवादी म्हणू नये. विद्यार्थ्याच्या उत्तराने पुढे काय दिसणार ते बदललं, तर तो संवाद. एचफाइव्हपीच्या संवादी व्हिडिओत हे करता येतं. प्रश्न ठेवताना ‘व्हिडिओ थांबवा’ची खूण करा, नाहीतर प्रश्न काही सेकंद दिसून निघून जातो आणि विद्यार्थ्याला पत्ताच लागत नाही. मग त्याच प्रश्नाच्या ‘ॲडाप्टिव्हिटी’ भागात, उत्तर चुकल्यास व्हिडिओ कोणत्या वेळेवर मागे न्यायचा ते भरा. समजावणं 2:10 ला सुरू होत असेल तर 2:05 द्या. वाक्याच्या मध्येच उडी पडली की ऐकणारा गोंधळतो.

आता एक्स्पोर्ट. ‘निर्यात’ वाचून कांदा आठवतो हे राहू द्या, खरी अडचण दुसरीच आहे. एक्सइलर्निंगमध्ये दोन वेगळ्या गोष्टी हातात येतात. एक, जतन केलेली ईएलपी फाईल. ती उघडून पाठ दुरुस्त करता येतो. दुसरी, एक्स्पोर्ट करून मिळालेलं वेबसाइटचं फोल्डर, ईपब (ई-पुस्तक) किंवा स्कॉर्म पॅकेज (मूडलसारख्या ठिकाणी चढवायची झिप), ते विद्यार्थ्यासाठी. शिक्षक दुसरी गोष्ट सहकाऱ्याला पाठवतात, ईएलपी जुन्या संगणकावरच राहते, आणि पुढच्या वर्षी पाठ पहिल्यापासून बनवावा लागतो. म्हणून मार्गदर्शिकेत दोन नावं पक्की करा : ‘मूळ फाईल’ आणि ‘वाटपाची प्रत’. बटणाला ‘वाटपाची प्रत काढा’. एचफाइव्हपीत हा भेद नाही. ती फाईल म्हणजे एक झिपच, वाटता येते आणि पुन्हा उघडून बदलताही येते.

तळटीप :
स्कॉर्मला मराठी शब्द शोधू नका, ते मानकाचं नाव आहे. त्याबरोबर एक ओळ मात्र जरूर टाका. पॅकेज उलगडून काही बदल करून परत झिप करायचं असेल तर फोल्डर झिप करू नये, फोल्डर उघडून आतलं सगळं निवडून झिप करावं. आयएमएसमॅनिफेस्ट नावाची फाईल झिपच्या पहिल्याच पातळीवर लागते. ती एक पायरी खाली गेली की मूडल पॅकेज नाकारतं.

पाटीपेन्सिल :
आणि कम्प्लीटेड-पास्ड? भाषांतराच्या मसुद्यात दोन्हींना ‘पूर्ण झाले’ लिहिलं आहे.

तळटीप :
ते आजच बदला. या स्थिती स्कॉर्म पॅकेज मूडलला कळवतं. कम्प्लीटेड म्हणजे ‘पूर्ण’, पास्ड म्हणजे ‘उत्तीर्ण’. स्कॉर्म 1.2 मध्ये स्थितीचा रकाना एकच असतो, त्यामुळे पॅकेज दोन्हींपैकी एकच कळवतं. स्कॉर्म 2004 मध्ये रकाने वेगळे झाले. मूडलमध्ये स्कॉर्मसाठी पूर्णतेची अट लावताना यातलं काय ग्राह्य धरायचं त्याच्या खुणा कराव्या लागतात. पॅकेज ‘उत्तीर्ण’ पाठवतंय आणि खूण फक्त ‘पूर्ण’वर आहे, असं असेल तर मुलाने शंभरपैकी शंभर मिळवले तरी बरोबरची खूण उमटत नाही. 1.2 असेल तर दोन्हींवर खूण करा, नापास झालेल्याला अडवायचंच असेल तर गोष्ट वेगळी.

मुद्रितशोधक :
फीडबॅकला डी.एड.च्या पुस्तकांत ‘प्रत्याभरण’ आहे, ते शिक्षकांच्या ओळखीचं. ‘अभिप्राय’ इथे नको, अभिप्राय पाठाबद्दल विद्यार्थी देतो. पण पडद्यावर यातला एकही शब्द दिसायची गरज नाही, मजकूर थेट बोलू दे. 0.5 × 0.2 ला कोणी 1.0 निवडलं तर ‘चूक’ न लिहिता ‘दोन्ही संख्यांत मिळून दशांश स्थळं किती, ते मोजा’ असं त्या पर्यायाखाली लिहा. एचफाइव्हपीच्या बहुपर्यायी प्रश्नात प्रत्येक पर्यायाला स्वतंत्र मजकूर देता येतो. बटणांना तपासा, पुन्हा करा, उत्तर दाखवा. हे शब्द संपादन पानाच्या तळाशी बदलतात आणि त्या एका कृतीपुरतेच राहतात, तेव्हा एक कृती मराठीत नीट करून तिच्याच प्रती काढाव्यात.

कृतिपत्रिका :
राहिली ‘टिप’, म्हणजे उत्तर सुचवणारा छोटा मजकूर. ‘टीप’ लिहिलं तर तळटीप वाटेल (तळटीपरावांनी राग मानू नये), म्हणून ‘इशारा’.

आणि इशाऱ्यावरूनच, मराठी पाठांत हमखास फसणारी जागा. एचफाइव्हपीच्या रिकाम्या जागांत उत्तर दोन तारकांमध्ये लिहितात, पर्यायी उत्तर तिरप्या रेघेनंतर आणि इशारा अपूर्णविरामानंतर (:). आपल्याकडे विसर्गाऐवजी सर्रास अपूर्णविराम टंकतात. \*दु:ख\* असं लिहिलंत की यंत्राच्या लेखी उत्तर होतं ‘दु’ आणि इशारा ‘ख’. खरा विसर्गच टंका : \*दुःख\*. मुलंही अपूर्णविरामच टंकणार असतील तर तो शब्द रिकाम्या जागेत न ठेवता बहुपर्यायीत घ्या.

तळटीप :
राग नाही. त्याच कृतीत ‘किरकोळ चुका चालतील’ अशी सोय आहे : 3 ते 9 अक्षरांच्या शब्दाला एक चूक, त्याहून मोठ्याला दोन. इथली अक्षरं म्हणजे युनिकोडची चिन्हं. काना, वेलांटी सगळं सुटं मोजलं जातं. म्हणजे ‘पाणी’ची चार. मुलाने ‘पाणि’ लिहिलं तर एकच चूक, उत्तर बरोबर. पाणि म्हणजे हात, हे यंत्राला ठाऊक नाही. शुद्धलेखनाच्या पाठात ही सोय बंदच ठेवा.

उलट बाजूने ‘दुसऱ्या’ बघा. यातला अर्धा र काही कळफलक ऱ, हलन्त आणि य असा लिहितात, तर काही र, हलन्त, मग न दिसणारं जोडचिन्ह आणि य असा. पडद्यावर दोन्ही सारखे, यंत्राला वेगळे. फरक दोन चिन्हांचा पडतो, त्यामुळे एका चुकीची सवलत चालू असली तरी शब्द चूकच धरला जातो. उपाय एकच, तारकांमध्ये दोन्ही रूपं द्यायची : \*दुसऱ्या/दुसर्‍या\*. छापील मार्गदर्शिकेत ही दोन रूपं अगदी एकसारखी दिसतील आणि मुद्रितशोधनात कोणीतरी एक खोडून टाकेल, तेव्हा शेजारी सूचना लिहून ठेवा.