पिस्तूल कुणाच्या कमरेला आहे, हे पालकांनी विचारायचंच नाही?

गोदाकाठ (फ्रँकलिन, टेनेसी)
परवाच्या बंदुकांच्या धाग्यावर एका सदस्यांनी लिहिलं होतं, "शिक्षकांना शाळेत लपवून पिस्तूल बाळगू द्या, प्रश्न मिटेल. विरोध करणाऱ्यांनी वर्गात कधी पाऊल ठेवलेलं नसतं." दोन दिवस गप्प बसले. आता राहवत नाही म्हणून वेगळा धागा काढतेय.

मी वर्गात पाऊल ठेवते. चार वर्षं सब (बदली शिक्षिका) म्हणून जातेय, बहुतेक वेळा पहिली-दुसरीला. या वयाच्या मुलांचं डोकं माझ्या कमरेशी येतं. सकाळी दारातून आली की पळत येऊन मिठी मारतात, गाल कमरेला टेकलेला. रडणारं मूल कुशीत शिरतं ते तिथेच. कुणाच्या बुटाची नाडी बांधायला वाकले की मागून दुसरं पाठीवर चढलेलं असतं. आणि पिस्तूल लावायचं ते नेमकं त्याच जागी. सात वर्षांच्या पोरांना ते दिवसभर जाणवणार नाही, हे ज्याला खरं वाटतं त्याने एक दिवस माझ्याबरोबर यावं.

मार्च २०२३ मध्ये नॅशव्हिलच्या कव्हनंट शाळेतल्या गोळीबारात तीन मुलं आणि तीन मोठी माणसं गेली. माझ्या घरापासून अर्ध्या तासावर. त्यानंतर आम्ही आया कॅपिटॉलसमोर (राज्याच्या विधिमंडळासमोर) उभ्या राहिलो. मागणी एवढीच होती की ज्याच्या डोक्यात भलतं काही शिजतंय, त्याच्या हातून बंदूक वेळेत काढून घेता यावी. ती मिळाली नाही. मिळाला एप्रिल २०२४ चा कायदा: ४० तासांचं प्रशिक्षण, मानसिक तपासणीचा दाखला, मुख्याध्यापक, शाळांचे सुपरिंटेंडेंट आणि स्थानिक पोलीसप्रमुख यांची लेखी परवानगी, की शिक्षक पिस्तूल लपवून वर्गात येऊ शकतो. पालकांना मात्र कळवायचं नाही.

वर्गात एखाद्या मुलाला शेंगदाण्याची ॲलर्जी असली तर सगळ्या पालकांना चिठ्ठी येते. भरलेल्या पिस्तुलाची येणार नाही.

पवनचक्की (स्वीटवॉटरजवळ, टेक्सस)
ते वाक्य माझंच. वर्गात पाऊल न ठेवण्याबद्दलचा भाग चुकला, तो मागे घेतो. बाकी एक अक्षरही मागे घेत नाही.

ताई, तुमचं फ्रँकलिन म्हणजे कोपऱ्या-कोपऱ्यावर पोलीस. माझी मुलं जातात त्या शाळेत किंडरगार्टनपासून बारावीपर्यंत एकच इमारत आहे, चारही बाजूंना कापूस आणि पवनचक्क्या. दोन वर्षांपूर्वी शाळेसमोरच्या रस्त्यावर पिकअप उलटला, ९११ ला पहिला फोन मी केला. शेरीफचा माणूस यायला ३५ मिनिटं लागली. मी घड्याळ बघत त्या ड्रायव्हरच्या डोक्याला माझा शर्ट दाबून बसलो होतो. त्या ३५ मिनिटांत शाळेत कुणी शिरला असता तर?

म्हणूनच टेक्ससमध्ये गार्डियन प्लॅन आहे, म्हणजे शाळेतल्या निवडक कर्मचाऱ्यांकडे हत्यार. हॅरॉल्ड नावाच्या चिमुकल्या शाळा-डिस्ट्रिक्टने २००७ मध्ये सुरुवात केली, कारण त्यांच्यापासूनही शेरीफ लांब. इथे परवाना खिशात आहे म्हणून कुणी शाळेत पिस्तूल नेऊ शकत नाही. स्कूल बोर्डाने माणूस पारखून लेखी अधिकार दिला तरच.

आणि आमच्या टेक्ससमधल्या उवाल्डेच्या शाळेतला गोळीबार विसरू नका. मे २०२२. १९ मुलं, दोन शिक्षिका. पोलीस बाहेर ७७ मिनिटं उभे. आत त्या दोघींच्या हातात काहीच नव्हतं.

गोदाकाठ
उवाल्डे मी कशी विसरेन? तिथे एकूण ३७६ सशस्त्र, प्रशिक्षित माणसं पोहोचली होती. समोर एआर रायफल आहे म्हणून त्यांचा पाय उचलत नव्हता. आणि तुमची अपेक्षा अशी की चौथीच्या बाईंनी एका हाताने मुलांना मागे सारत दुसऱ्या हाताने पिस्तूल काढून त्याला टिपावं.

आता रोजच्या दिवसाचं बोला. यूटामध्ये परवानाधारकाला शाळेत पिस्तूल नेता येतं. २०१४ मध्ये टेलर्सव्हिलच्या एका प्राथमिक शाळेत शिक्षिकेचं पिस्तूल टॉयलेटमध्येच उडालं, कमोड फुटला, तिच्या पायात तुकडे घुसले. मुलं यायच्या आधीची वेळ म्हणून निभावलं. हल्लेखोर शाळेत येण्याचा दिवस बहुतेक शाळांच्या नशिबी कधीच येत नाही. टॉयलेटला जाण्याची वेळ रोज येते.

सुभेदार_निवृत्त (कराड)
२४ वर्षं नोकरी केली, दोन शब्द बोलतो. नात ह्यूस्टनला तिसरीत आहे म्हणून हा विषय माझाही.

फौजेत शांततेच्या ठिकाणी ड्यूटी संपली की हत्यार कोतात (शस्त्रागारात) जमा. रजिस्टरवर सही, नंबर तपासून. ज्यांचं कामच हत्यार चालवणं, त्यांच्याकडेही ते दिवसभर राहत नाही. कमरेला पिस्तूल असलं की माणसाचं अर्धं लक्ष तिकडे असतं. कोपर अंगाला चिकटून, गर्दीत कुणाला त्या बाजूला येऊ द्यायचं नाही. ही सवय लागायला ४० तास नव्हे, वर्ष जातं. आणि लागली की त्या माणसाच्या जवळ पोरं जात नाहीत. बाईंनी मिठीचं लिहिलं ते वाचून मला हेच आठवलं.

आता आपल्याकडचं. वडिलांची बाराबोर माझ्या नावावर आहे, रीतसर परवाना. उसात रानडुकरं धुमाकूळ घालतात. तरी निवडणूक आली की बंदूक पोलीस ठाण्यात जमा करा, ग्रामपंचायत असो की लोकसभा. परत आणायला तीन हेलपाटे. गेल्या खेपेला दस्त्याला तडा गेलेली मिळाली, विचारलं तर कुणालाच माहीत नाही. कायदा पाळणाऱ्याला हा त्रास, आणि गावठी कट्टे घेऊन फिरणारे मोकळे.

पवनचक्की
काका, तुमचा शेवटचा परिच्छेद माझ्याच बाजूने बोलतोय. कायदा पाळणाऱ्याकडून काढून घ्यायचं आणि न पाळणाऱ्याला मोकळं सोडायचं. शाळेवरच्या 'गन-फ्री झोन' (इथे बंदुकीला बंदी) पाटीचंही तेच. ती पाटी हल्लेखोराला आमंत्रण देते.

सुभेदार_निवृत्त
माझी बंदूक उसात असते, वर्गात नाही. मला तुमच्या बाजूला ओढू नका.

खडूफळा (एडिसन, न्यू जर्सी)
'गन-फ्री झोन'चं आधी नीट समजून घ्या. १९९० चा केंद्रीय कायदा: शाळेपासून १००० फुटांत बंदूक नको. १९९२ मध्ये सॅन अँटोनियोत बारावीचा एक मुलगा रिव्हॉल्व्हर घेऊन शाळेत आला, त्याची केस सुप्रीम कोर्टात गेली आणि १९९५ मध्ये ५ विरुद्ध ४ ने कायदाच रद्द झाला. बंदूक शाळेत असण्याचा आंतरराज्य व्यापाराशी संबंध काय, असं कोर्ट म्हणालं. १९९६ मध्ये काँग्रेसने (इथल्या संसदेने) व्यापाराचे शब्द घालून तो परत आणला. पण त्यात पहिल्यापासून सवलत आहे: त्या राज्याचा परवाना असेल तर केंद्राचा हा कायदा लागू नाही. म्हणजे पुढचं सगळं राज्याच्या हातात. म्हणून यूटात एक, टेक्ससमध्ये दुसरं, आमच्याकडे तिसरं.

आणि एच-वन या नोकरीच्या व्हिसावर असलेल्या आपल्यातल्या निम्म्या मंडळींना हा प्रश्नच नाही. आपल्याला बंदूक बाळगायचीच बंदी आहे. शिकारीचा परवाना काढून पळवाट काढणारे आहेत, त्यांनी आपल्या लोकांचं नाव खराब करू नये.

तिखटमीठ (कोलंबस, ओहायो)
गोदाकाठताई, तुमच्याकडे ४० तास तरी आहेत. आमच्याकडे २०२१ मध्ये राज्याच्या सुप्रीम कोर्टाने सांगितलं होतं की शाळेत सशस्त्र राहायचं तर पोलिसासारखं ७०० तासांच्या वर प्रशिक्षण हवं. पुढच्याच वर्षी विधिमंडळाने ते जास्तीत जास्त २४ तासांवर आणलं. माझ्या मुलाचा ड्रायव्हिंगचा वर्गसुद्धा २४ तासांचा होता.

पण मला खरं बोलायचंय ते घरातल्या बंदुकांबद्दल. शाळेत बंदूक येते कुठून? सीक्रेट सर्व्हिसचा २०१९ चा अहवाल आहे: बंदूक वापरणाऱ्या हल्लेखोर मुलांपैकी साधारण तीन-चतुर्थांश मुलांनी ती आईबापांच्या किंवा जवळच्या नातेवाइकांच्या घरातून घेतली होती.

माझी मुलगी नऊ वर्षांची असताना मैत्रिणीकडे स्लीपओव्हरला गेली. सकाळी घरी आली, पोहे खाता खाता म्हणाली, "आई, तिच्या बाबांच्या उशीजवळच्या ड्रॉवरमध्ये खरी गन आहे, आम्ही बघितली. खूप जड असते." जड असते म्हणाली, म्हणजे उचलली होती. माझ्या हातातला डाव तसाच राहिला. त्या दिवसापासून मूल कुणाच्याही घरी पाठवण्याआधी विचारते: घरात बंदूक आहे का, असेल तर कुलपात आहे का?

खडूफळा
हे जरा अती होतंय. दिवाळी फराळाला बोलावलेल्या घरी असं विचारायचं? आपल्या मंडळातल्या लोकांनाही?

तिखटमीठ
हो, त्यांनाही. ग्रीन कार्ड मिळालं आणि पहिल्या महिन्यात पिस्तूल घेतलं अशी दोन घरं आमच्या मंडळात आहेत. त्यातल्या एकाने तोंडावर सांगितलं, "वहिनी, आमच्या संस्कारांवर शंका घेताय." संस्कारांचं कुलूप ड्रॉवरला लागत नाही, असं मी म्हणाले. तेव्हापासून बोलणं बंद आहे.

पवनचक्की
त्यांचा राग मला समजतो. माझ्याकडे पिस्तूल आहे. कुणी फोन करून मला चौकशी केल्यासारखं विचारलं तर मीही चिडेन. तुम्ही प्रश्न विचारता तेव्हा समोरच्याला आधीच बेजबाबदार ठरवलेलं असतं.

तिखटमीठ
तुम्ही चिडा. कुठे ठेवता?

पवनचक्की
ते मी इथे सांगणार नाही.

तिखटमीठ
मग माझं मूल तुमच्या घरी येणार नाही. यात तुमचा अपमान नाही, माझ्या मुलाचा जीव आहे. मिशिगनच्या ऑक्सफर्डमध्ये २०२१ ला शाळेतल्याच एका मुलाच्या गोळीबारात चार मुलं गेली. त्याच दिवशी सकाळी त्या हल्लेखोराच्या आईबापांना शाळेत बोलावून त्याने काढलेलं चित्र दाखवलं होतं. घरी पिस्तूल आहे हे त्यांनी सांगितलं नाही, शाळेने दप्तर उघडून बघितलं नाही. २०२४ मध्ये दोघांनाही सदोष मनुष्यवधात शिक्षा झाली, प्रत्येकी किमान दहा वर्षं. त्यांना कुणी आधी विचारलं असतं तर तेही चिडलेच असते.

खडूफळा
वाचतोय. आमच्या पोराला येत्या शनिवारी एका घरी जायचंय. विचारायला जीभ उचलत नाही, खरंच सांगतो. तुम्ही नेमकं कसं विचारता?

तिखटमीठ
ॲलर्जीच्या जोडीने. "त्याला अंडं चालत नाही. तुमच्याकडे कुत्रा आहे का? पोहण्याचा तलाव, बंदूक? असेल तर कुलपात असते ना?" एका दमात. आणि आपल्या घरचं आधी सांगायचं. आजवर अमेरिकन आया एकदाही रागावल्या नाहीत. रागावले ते आपलेच.

गोदाकाठ
धागा घरांकडे गेला, जाऊ दे, महत्त्वाचंच आहे. पण पवनचक्की, एकाचं उत्तर द्या. तुमच्या शाळेत पिस्तूल आहे हे पालकांना माहीत आहे?

पवनचक्की
आहे. दारावरच पाटी आहे, इथले कर्मचारी सशस्त्र असू शकतात. कोण, ते सांगत नाहीत आणि सांगूही नये, नाहीतर पहिली गोळी त्यालाच. पण शाळेत हत्यार आहे एवढं प्रत्येक पालकाला माहीत आहे, बोर्डाच्या सभेत त्यावर मतं मांडली गेली. मी स्वतः बोललो होतो. तुमच्याकडे पालकांना एवढंही सांगत नसतील तर ते चूक आहे. इतकं मान्य. त्यापुढे एक पाऊल नाही.

गोदाकाठ
तुमच्या ३५ मिनिटांना माझ्याकडे उत्तर नाही, हे मीही कबूल करते. त्या शाळेला पगारी, पूर्ण वेळ सुरक्षा अधिकारी द्या. टेक्ससने २०२३ च्या कायद्याने प्रत्येक शाळेत सशस्त्र अधिकारी सक्तीचा केलाच आहे ना?

पवनचक्की
केला, पण पैसे किती दिले ते विचारा. २०२३ च्या त्या कायद्यात वर्षाला प्रत्येक शाळेमागे १५,००० डॉलर होते. त्यात अधिकारी कुठून येणार? म्हणून त्याच कायद्यात शिक्षकाला हत्यार देण्याची सोय ठेवावी लागली. आमचे शेतीचे शिक्षक ते काम करतात की आणखी कुणी, मला माहीत नाही. पण कुणीतरी फुकट करतंय.

गोदाकाठ
म्हणजे सरकारने पैसे वाचवले आणि ओझं शिक्षकाच्या कमरेला बांधलं. हेच मी पहिल्यापासून सांगतेय.

पवनचक्की
तुम्ही पहिल्यापासून मिठीचं सांगत होतात.

गोदाकाठ
मिठीचं अजूनही सांगतेय.

सुभेदार_निवृत्त
आत्ता लेकीला ह्यूस्टनला फोन लावला होता. नातीच्या शाळेत कुणाकडे हत्यार आहे का, विचारलं. तिला माहीत नाही. दारावर पाटी आहे का, तेही तिने कधी बघितलेलं नाही. उद्या पोरीला सोडायला जाईल तेव्हा बघते म्हणाली. तिच्याकडे रात्र आहे. सकाळी कळलं की इथे लिहितो.